हिरा, कोट आणि गॅरेजमध्ये अडकलेली गाडी

जालन्यातल्या गॅरेजमध्ये गाडी क्लचच्या कामाला दिली. बिलात इंजिनाचेही काम निघाले. वाद घातला तर उत्तर एकच: ‘आधी पैसे, मग चावी.’ गाडी अडवण्याचा हा अधिकार आला कोठून? मोटार रस्त्यावर येण्याच्याही आधीपासून तो आहे.

भारतीय करार कायदा १८७२ चा. त्याच्या कलम १७० नुसार, सोपवलेल्या वस्तूवर श्रम किंवा कौशल्य खर्च करणाऱ्याला, वेगळा करार नसेल तर, मेहनताना मिळेपर्यंत ती वस्तू ठेवून घेता येते. हाच धारणाधिकार. कायद्यातच दोन उदाहरणे दिली आहेत. पैलू पाडायला दिलेला हिरा जवाहीर मजुरी मिळेपर्यंत ठेवू शकतो. पण कोट शिवून होताच देईन आणि पैशांसाठी तीन महिने थांबेन, असे कबूल केलेल्या शिंप्याला तो कोट अडवता येत नाही. उधारी मान्य केली की अडवणूक संपली!

तेव्हा जालना निजामाच्या हैदराबाद संस्थानात होते, म्हणून ब्रिटिश हिंदुस्थानचा हा कायदा येथे लागू नव्हता. संस्थान १९४८ मध्ये भारतात आले आणि १९५१ मध्ये कायदाही आला. (जालना जिल्हा तर १ मे १९८१ चा.)

हा अधिकार जितका जुना, तितकाच अरुंद आहे, आणि ग्राहकाचे बळ या अरुंदपणातच आहे. वस्तू ज्या कामासाठी सोपवली, त्याच कामाच्या मोबदल्यापुरता तो मिळतो. न सांगता केलेल्या इंजिनाच्या कामासाठी गाडी अडवणे म्हणूनच कठीण; जॉब कार्डावर सही करण्यापूर्वी ते वाचावे, ते यासाठी. मागच्या थकबाकीपोटी आजची गाडी अडवता येत नाही. तशी सवलत कलम १७१ ने बँका, अडते, गोदीवाले अशा मोजक्यांनाच दिली. त्या यादीत कारागीर नाही. इंग्लंडमध्ये १७६८ मध्येच लॉर्ड मॅन्सफिल्ड यांनी रंगाऱ्यांचा असा दावा फेटाळला होता. १८६० मध्ये तर पैशांसाठी जहाज अडवून ठेवणाऱ्या दुरुस्तीवाल्यांना त्या दिवसांचे गोदीभाडेही नाकारले गेले. ‘पार्किंगचे रोजचे इतके’ म्हणणाऱ्यांना हा निवाडा जरूर सांगावा.

एवढे असूनही दिवाणी दाव्याचा खर्च बिलाहून मोठा ठरे. ती कोंडी १९८६ च्या ग्राहक संरक्षण कायद्याने फोडली. त्यामागे बिंदुमाधव जोशी यांनी १९७४ मध्ये पुण्यात सुरू केलेल्या ग्राहक पंचायतीसारख्या चळवळींचे कष्ट होते. आता २०१९ चा कायदा लागू आहे. केलेल्या कामाचे बिल न देणे ही त्यात अनुचित व्यापारी प्रथा ठरते. गाडी तातडीने हवी असेल, तर बिलावर लेखी हरकत नोंदवून पैसे भरावेत, बदललेले जुने भाग मागून घ्यावेत आणि दोन वर्षांच्या आत जिल्हा आयोगाकडे जावे. गाडी पुण्यात बिघडून तिथेच दुरुस्त झाली असली, तरी जालन्यात राहणाऱ्याला तक्रार जालन्यातच दाखल करता येते.