एसटीचा पास : गाव ते शाळा

आजची गोष्ट खिशातल्या एका छोट्या पासची.

१ जून १९४८. पुणे ते अहमदनगर पहिली एसटी धावली. आपला धाराशिव जिल्हा तेव्हा निजामाच्या राज्यात होता. तिथं निजामाच्या रेल्वेनं १९३२ मध्येच २७ बसगाड्या घेऊन सेवा सुरू केली होती. १९५६ मध्ये मराठवाडा मुंबई राज्यात आला आणि पुढं लाल गाडी आपलीही झाली.

पण गाडी फाट्यावर आली, म्हणून तिकिटाचे पैसे येतात का? गावात शाळा सातवीपर्यंत, पुढची तालुक्याला. रोजचं जाणं-येणं परवडलं नाही, की आधी शाळा सुटते ती पोरीची. म्हणून सवलत महत्त्वाची. विद्यार्थ्यांना मासिक पासात ६६.६७ टक्के सूट, म्हणजे तीन रुपयांतला एकच भरायचा. अहिल्याबाई होळकर योजनेत तर बारावीपर्यंतच्या मुलींना पास मोफत.

तरी बोनाफाईड घेऊन आगारात रांग लावायची, म्हणजे शाळेचा दिवस बुडायचा. जून २०२४ मध्ये एसटीनं पास थेट शाळेतच द्यायचं ठरवलं. आधी गाडी गावात आली, मग सवलत आली, आता पास वर्गापर्यंत आला.

तुमच्या गल्लीतली पोरगी यंदा पाचवीत गेली असेल, तर तिच्या घरी एवढं नक्की सांगा.