आकाशवाणीच्या धुनेचे रचनाकार

तंबोऱ्याच्या नादावर उमटणारी व्हायोलिनची एक लहानशी धून हीच आकाशवाणीची ओळख होय. मुंबईपासून शिर्डीपर्यंत ती घरोघरीं पाठ झाली; कर्त्याचें नांव मात्र थोड्यांनाच ठाऊक.

ही धून ज्यांची मानली जाते ते वॉल्टर काउफमान १९०७ सालीं बोहेमियांतील कार्ल्सबाद येथें जन्मले आणि बर्लिनमध्यें संगीतरचना शिकले. ते ज्यू होते. जर्मनींत नाझी राजवट आल्यावर, १९३४ सालीं, ते मुंबईस आले. भारतीय संगीताच्या ध्वनिमुद्रिका प्रथम ऐकल्या तेव्हां त्यांना कांहींच उमगलें नव्हतें. परंतु लक्षावधि लोकांना प्रिय असलेलें संगीत निरर्थक कसें असेल? उणीव आपल्याच कानांत आहे, असें त्यांनीं ठरविलें.

मुंबईंत त्यांनीं मोजक्या वादकांच्या पाश्चात्य संगीतासाठीं एक मंडळ स्थापिलें. तेथें त्यांच्या पियानोबरोबर मेहली मेहता यांचें व्हायोलिन वाजे. १९३७ ते १९४६ ते मुंबई नभोवाणींत पाश्चात्य संगीताचे प्रमुख होते. त्या धुनेंत मात्र शिवरंजनीची छाया आहे.

पुढें अमेरिकेंत प्राध्यापक असतांना, १९६८ सालीं, उत्तर हिंदुस्थानी रागांवरील त्यांचा ग्रंथ निघाला. १९८४ सालीं ते निवर्तले. एके काळीं अगम्य वाटलेल्या संगीताचा अभ्यास त्यांनीं शेवटपर्यंत सोडला नाहीं.