सावित्रीकाठचा मुख्यमंत्री आणि पक्षाची तिजोरी

१/
हरिहरेश्वराच्या दक्षिणेस सावित्री नदी समुद्राला मिळते. त्याच नदीच्या खाडीने वर गेले की आंबेत हे गाव लागते. ९ फेब्रुवारी १९२९ रोजी या गावात जन्मलेले अब्दुल रहमान अंतुले श्रीवर्धन मतदारसंघातून विधानसभेत गेले आणि १९८० मध्ये महाराष्ट्राचे मुख्यमंत्री झाले. दीड वर्षाने त्यांना पद सोडावे लागले. आजचा धागा या दीड वर्षाविषयी आहे, आणि एका जुन्या प्रश्नाविषयीही: राज्याच्या प्रमुखाला त्याचा राष्ट्रीय पक्ष आधार देतो, की त्याच्याकडून आधार घेतो?

२/
प्रश्न नीट समजण्यासाठी आधी अमेरिकेत जाऊन येऊ. तेथे ‘गव्हर्नर’ म्हणजे आपला राज्यपाल नव्हे. आपला राज्यपाल राष्ट्रपती नेमतात. तेथील गव्हर्नर थेट जनतेच्या मतांनी निवडून येतो आणि राज्याचा कारभार हाकतो. अधिकाराच्या दृष्टीने तो आपल्या मुख्यमंत्र्याच्या जवळचा. या धाग्यात हा भेद लक्षात ठेवावा, अन्यथा पुढची तुलना फसेल.

३/
१९०८ मध्ये राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांनी नैसर्गिक संपत्तीच्या रक्षणासाठी सर्व गव्हर्नरांना व्हाइट हाउसमध्ये बोलावले. त्यातून गव्हर्नरांची सर्वपक्षीय राष्ट्रीय संघटना आकारास आली. पुढे प्रत्येक पक्षाच्या गव्हर्नरांनी आपली वेगळी चूल मांडली. १९६० च्या दशकाच्या आरंभी रिपब्लिकन गव्हर्नर्स असोसिएशन उभी राहिली, तर १९८३ मध्ये डेमोक्रॅटिक गव्हर्नर्स असोसिएशन.

४/
या संघटनांचे मुख्य काम एकच: देशभरातून पैसा गोळा करायचा आणि जेथे गव्हर्नरपदाची लढत अटीतटीची, तेथे तो ओतायचा. ५० पैकी ३६ राज्यांत ही निवडणूक राष्ट्राध्यक्षीय कालखंडाच्या मधल्या वर्षी होते. २०१० च्या हंगामात रिपब्लिकन संघटनेने दहा कोटी डॉलरहून अधिक निधी जमवला. त्यामागे हिशेब होता. जनगणनेनंतर मतदारसंघांच्या सीमा नव्याने आखल्या जातात आणि बहुतेक राज्यांत त्या आखणीवर गव्हर्नरला नकाराधिकार असतो.

५/
येथे दोन गोष्टी टिपून ठेवाव्यात. पहिली: पैशाचा प्रवाह देशाकडून राज्याकडे वाहतो. दुसरी: संघटनेचे अध्यक्षपद एखाद्या विद्यमान गव्हर्नरकडेच असते. म्हणजे ही बरोबरीच्या माणसांची संघटना. ती उमेदवाराला बळ देऊ शकते; निवडून आलेल्या गव्हर्नरला खुर्चीवरून उठवू शकत नाही. आता सावित्रीकाठी परत येऊ.

६/
१९७७ च्या पराभवानंतर काँग्रेस फुटली, तेव्हा अंतुले इंदिरा गांधींच्या बाजूने ठाम उभे राहिले आणि पक्षाचे सरचिटणीस झाले. मे १९८० च्या निवडणुकीत त्यांच्या पक्षाने महाराष्ट्रात २८८ पैकी १८६ जागा जिंकल्या. ९ जून १९८० रोजी अंतुले मुख्यमंत्री झाले. या पदावर पोहोचलेले ते पहिले मुस्लिम.

७/
पण त्यांची निवड कशी झाली? रीत अशी होती: दिल्लीहून निरीक्षक यायचे, विधिमंडळ पक्षाची बैठक व्हायची, आणि नेता निवडण्याचे सर्वाधिकार पक्षाध्यक्षांना देणारा एका ओळीचा ठराव व्हायचा. श्रीवर्धन हे बाळाजी विश्वनाथांचे गाव. १७१३ मध्ये त्यांना पेशवाईची वस्त्रे छत्रपती शाहूंनी दिली. पावणेतीनशे वर्षांनी त्याच तालुक्याच्या प्रतिनिधीला वस्त्रे मिळाली ती मतदारांच्या राज्यात. तरीही ती देणारा हात मात्र एकच होता.

८/
अंतुले झपाट्याने निर्णय घेत. संजय गांधी निराधार अनुदान योजना त्यांच्याच काळातली. आजही वृद्ध, विधवा आणि अपंग यांच्या हाती तिचे पैसे पडतात. १९८१ मध्ये कुलाबा जिल्ह्याचे नाव रायगड झाले. त्याच वर्षी सिंधुदुर्ग आणि जालना हे जिल्हे निर्माण झाले. लंडनहून भवानी तलवार आणण्याची त्यांची घोषणा तर घरोघरी गाजली.

९/
आता पैशाकडे वळू. १९६९ मध्ये कंपन्यांनी राजकीय पक्षांना देणग्या देण्यावर कायद्याने बंदी आली. ती १९८५ पर्यंत टिकली. निवडणुका मात्र स्वस्त झाल्या नाहीत. १९७४ च्या दुरुस्तीने पक्षाने केलेला खर्च उमेदवाराच्या खर्चमर्यादेबाहेर ठेवला. म्हणजे खर्चाचे दार उघडे आणि उघड देणगीचे दार बंद. अशा घरात पैसा मागच्या दाराने येतो.

१०/
हे मागचे दार कोणाच्या ताब्यात? त्या काळात सिमेंट, साखर, मद्यार्क या सर्वांवर परवाने आणि कोटा यांची सत्ता होती. सिमेंटची टंचाई असताना मुंबईच्या बांधकाम व्यावसायिकाला किती पोती मिळावीत, हे मंत्रालयात ठरे. ज्याच्या सहीने माल सुटतो, त्याच्यापाशी निधी जमवण्याची शक्ती आपोआप येते. त्यामुळे प्रवाहाची दिशा उलटी झाली. येथे राज्याचा प्रमुख हा निधीचा लाभार्थी नसून संकलक ठरला.

११/
ऑक्टोबर १९८० मध्ये ‘इंदिरा गांधी प्रतिभा प्रतिष्ठान’ या न्यासाची नोंदणी झाली. साहित्यिक आणि कलावंतांना साहाय्य हा त्याचा जाहीर हेतू. न्यासाकडे कोट्यवधी रुपये जमू लागले. देणगीदारांत बांधकाम व्यावसायिक होते, सहकारी साखर कारखानेही होते.

१२/
३१ ऑगस्ट १९८१ रोजी अरुण शौरी यांनी ‘इंडियन एक्स्प्रेस’मध्ये हे प्रकरण उघड केले. पंतप्रधानांनी आपले नाव वापरण्यास संमती दिली होती का, यावरून संसदेत गदारोळ झाला. सिमेंटवाटपाचा प्रश्न प. बा. सामंत आदींच्या याचिकेद्वारे मुंबई उच्च न्यायालयात पोहोचला. १२ जानेवारी १९८२ रोजी न्यायमूर्ती लेंटिन यांनी निकाल दिला: देणग्या आणि सिमेंटचे वाटप यांचा परस्परसंबंध आहे.

१३/
अंतुले यांनी राजीनामा दिला. आपण स्वतःसाठी काही घेतले नाही, ही त्यांची भूमिका अखेरपर्यंत कायम राहिली. खटल्याला मंजुरी द्यायची की नाही हा प्रश्न राज्यपालांपुढे आला, आणि १९८२ मध्येच ती मंजुरी मिळाली. आपल्या घटनेतील ‘गव्हर्नर’ कोणते काम करतो, याचा हा नेमका नमुना.

१४/
खटला वर्षानुवर्षे चालला. १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने ठरवले की, पद सोडलेल्या व्यक्तीवरील खटल्याला त्या पदासंबंधीची मंजुरी लागत नाही, आणि तो खटला उच्च न्यायालयाकडे वर्ग केला. १९८८ मध्ये सात न्यायमूर्तींच्या पीठाने बहुमताने हेच वर्गीकरण रद्द केले: न्यायालयाच्या चुकीचा भार आरोपीने वाहू नये. कायद्याचे विद्यार्थी हा निकाल आजही अभ्यासतात. अंतुले यांना शिक्षा झाली नाही.

१५/
या प्रकरणाचा नेहमीचा अर्थ ‘एका मुख्यमंत्र्याचा भ्रष्टाचार’ असा लावला जातो. माझ्या मते तो अपुरा आहे. व्यक्तीची जबाबदारी टळत नाही. पण सिमेंटचा कोटा, देणगीबंदी आणि एका ओळीचा ठराव या तिन्ही गोष्टी एकत्र ठेवल्या की वेगळे चित्र दिसते. ज्याची खुर्ची श्रेष्ठींच्या मर्जीवर अवलंबून, त्याला श्रेष्ठींच्या नावाने काहीतरी भव्य उभारावेसे वाटणे हे त्या रचनेचेच फळ होते. न्यासाचे नावच ते सांगते.

१६/
पुढचा हिशेब पाहा. जून १९८० ते जून १९८८ या आठ वर्षांत महाराष्ट्राला एकाच पक्षाचे सहा मुख्यमंत्री लाभले: अंतुले, बाबासाहेब भोसले, वसंतदादा पाटील, शिवाजीराव निलंगेकर, शंकरराव चव्हाण, शरद पवार. यांतला एकही बदल मतदारांनी पक्षाला हरवल्यामुळे झाला नाही. त्याआधी एकटे वसंतराव नाईक ११ वर्षांहून अधिक काळ त्या खुर्चीवर होते.

१७/
शेजारच्या आंध्र प्रदेशात याची किंमत लवकर चुकवावी लागली. १९७८ ते १९८३ या काळात तेथे काँग्रेसने चार मुख्यमंत्री दिले. दिल्लीहून होणारी ही अदलाबदल एन. टी. रामाराव यांनी तेलुगू स्वाभिमानाचा प्रश्न केली आणि जानेवारी १९८३ मध्ये सत्ता जिंकली. वर्षही लक्षात घ्या: याच १९८३ मध्ये अमेरिकेतील डेमोक्रॅट गव्हर्नर आपली संघटना बांधत होते.

१८/
मग अमेरिकेची पद्धत निर्मळ आहे का? तसे मुळीच नाही. ज्या कंपन्यांचे व्यवहार राज्य सरकारच्या परवान्यांवर चालतात, त्याही या संघटनांना देणग्या देतात. रिपब्लिकन संघटनेचे अध्यक्षपद भूषवलेले व्हर्जिनियाचे गव्हर्नर बॉब मॅकडॉनेल यांना एका उद्योजकाकडून भेटी घेतल्याबद्दल २०१४ मध्ये दोषी ठरवले गेले. २०१६ मध्ये तेथील सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल एकमताने फिरवला. देणे आणि घेणे यांतली रेषा तेथेही धूसरच आहे.

१९/
फरक दोन ठिकाणी आहे. त्या संघटनांना देणगीदारांची नावे आणि रकमा कर खात्याकडे जाहीरपणे नोंदवाव्या लागतात. श्रीवर्धनच्या तोडीच्या एखाद्या लहान गावातला मतदारही त्या वाचू शकतो. आपल्याकडे २०१८ मध्ये आलेल्या निवडणूक रोख्यांनी देणगीदाराचे नाव झाकले. १५ फेब्रुवारी २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ते रोखे घटनाबाह्य ठरवले, तेव्हा ही नावे उजेडात आली.

२०/
दुसरा फरक अधिक खोल आहे. आपल्याकडेही काँग्रेस आणि भाजप आपापल्या मुख्यमंत्र्यांच्या परिषदा भरवतात. पण त्या श्रेष्ठी बोलावतात; मुख्यमंत्री तेथे प्रगतीचा अहवाल घेऊन जातात. मुख्यमंत्र्यांनी स्वतः बांधलेली, स्वतःमधून अध्यक्ष निवडणारी, दिल्लीशी बरोबरीने बोलणारी संघटना एकाही राष्ट्रीय पक्षात रुजली नाही.

२१/
अंतुले पुढे लोकसभेत गेले, केंद्रात मंत्री झाले. २ डिसेंबर २०१४ रोजी त्यांचे निधन झाले. जिल्ह्याचे नाव रायगड राहिले, निराधारांचे अनुदान चालू राहिले. १९८१ चा प्रश्नही तसाच राहिला. पुढच्या वेळी एखाद्या राज्यात ‘सर्वाधिकार पक्षाध्यक्षांना’ असा ठराव झाल्याची बातमी वाचाल, तेव्हा दोन गोष्टी विचारा: या मुख्यमंत्र्याला खुर्चीवर कोणी बसवले, आणि त्याच्या निवडणुकीचा पैसा कोणत्या दिशेने वाहिला? उत्तरे एकाच पत्त्यावर पोहोचत असतील, तर सावित्रीकाठच्या या मुख्यमंत्र्याची गोष्ट अजून इतिहासजमा झालेली नाही.