थकबाकी कोणाची?

आंबिवली स्टेशनावर उतरून मोहोन्याकडे निघालं की एनआरसीची भिंत लागते. रेयॉनची ही कंपनी २००९ च्या नोव्हेंबरात बंद पडली. तोवर अटाळी, वडवली, गाळेगावातल्या कितीतरी चुली तिच्यावर पेटत. बंद कारखाना दिसला की लोक कामगारांच्या देण्याचं बोलतात, ते बरोबरच आहे. मला मात्र आणखी एक प्रश्न पडतो. कुठलाही बंद कारखाना उद्या कोणी लिलावात घेतला, तर आधीच्या मालकाचं थकलेलं लाईटबिल कोणी भरायचं? आणि हा प्रश्न नुसता कारखानदारांचा नाही. बापाच्या नावावर मीटर असलेल्या प्रत्येक शेतकऱ्याचा आहे.

जुना कायदा १९१० चा, इंग्रजांच्या काळातला. बिल थकलं तर सात दिवसांची नोटीस द्यायची आणि वायर तोडायची. १९६० मध्ये महाराष्ट्र राज्य झालं, त्याच सालच्या जूनमध्ये वीज मंडळ आलं, पण तोडायचा अधिकार तोच राहिला. मंडळाचा वायरमन शिडी घेऊन आला की म्हातारी माणसं त्याला आधी चहा पाजत. कोर्टापेक्षा तो स्वस्त पडे!

मग १९९५ साली सुप्रीम कोर्टाकडून बिहारच्या ईशा मार्बल्स खटल्याचा निकाल आला. कर्ज बुडाल्यामुळे विकला गेलेला कारखाना घेणाऱ्याला तिथलं वीज मंडळ म्हणत होतं, आधीच्याचं बिल भर, मगच लाईट जोडू. कोर्ट म्हणालं, वीज घेण्याचा करार पहिल्याचा होता, नव्याचा नव्हे. त्याच्याकडून ते वसूल करता येणार नाही. म्हणजे थकबाकी माणसाची, जागेची नाही.

वीज कंपन्यांना हे कसं परवडावं? बिल थकवायचं, कारखाना भावाच्या नाहीतर मेव्हण्याच्या नावावर करायचा आणि पुन्हा नवं मीटर मागायचं, असं करणारे महाभाग आपल्याकडे कमी नाहीत. मग बहुतेक राज्यांनी थकबाकी जागेला चिकटवणारे नियम केले. आपल्याकडे वीज नियामक आयोगाची नियमावली २००५ साली आली. त्याच साली जूनमध्ये मंडळाचे तुकडे होऊन महावितरण झालं. नियम असा, की जुन्या मालकाचं देणं जागेवर बोजा म्हणून राहील; पण नव्या मालकाकडून सहा महिन्यांच्या बिलापुरतंच घेता येईल.

इथं खरी मेख आहे. ही सहा महिन्यांची सवलत वारसाला नाही. परका माणूस जमीन विकत घेतो, तो सहा महिन्यांत सुटतो. पोरगा बापाचं मीटर स्वतःच्या नावावर करायला जातो, त्याच्या डोक्यावर सगळा डोंगर. विहिरीत चार भावांचा हिस्सा, पंप एक, बिल मेलेल्या बापाच्या नावानं. धाकटा म्हणतो, मी तर भिवंडीला नोकरीला होतो, पाणी तुम्ही पाजलंत. वाटणीच्या कागदावर बांध असतो, आंब्याची झाडं असतात, थकबाकी मात्र कोणी लिहीत नाही.

२०२३ च्या मे महिन्यात सुप्रीम कोर्टाच्या तीन न्यायमूर्तींनी के. सी. निनान खटल्यात हा घोळ बराच निस्तरला. राज्याच्या नियमात तरतूद असेल, तर नवं कनेक्शन देण्याआधी वीज कंपनी जुनी बाकी मागू शकते. नियमच नसेल, तर थकबाकी आपोआप जागेला चिकटत नाही.

२००३ च्या वीज कायद्यातलं कलम ५६ मात्र गावात वाचून दाखवावं असं आहे. लाईट तोडण्याआधी पंधरा दिवसांची लेखी नोटीस हवी. बिलाबद्दल वाद असेल तर मागितलेली रक्कम, किंवा मागच्या सहा महिन्यांच्या सरासरीनं होणारी रक्कम, यांतली जी कमी ती ‘निषेध नोंदवून’ भरली, तर वाद मिटेपर्यंत तोडता येत नाही. हे दोन शब्द अर्जात लिहायचेच. आणि जी बाकी बिलात सतत दाखवत आणलेली नाही, ती दोन वर्षांनी उकरून लाईट तोडता येत नाही. ती बुडाली असं मात्र नव्हे. २०२० च्या निकालात कोर्टानं सांगितलं, वसुलीचे बाकीचे मार्ग कंपनीला मोकळे आहेत.

एप्रिल २०२४ पासून साडेसात हॉर्सपॉवरपर्यंतच्या शेतीपंपांना सरकारनं वीज फुकट केली. २००४ च्या निवडणुकीआधीही केली होती, वर्षभरात मागे घेतली. यावेळी मुदत पाच वर्षांची सांगितली आहे. माफी पुढच्या बिलांना. बापाच्या नावावरची जुनी बाकी आहे तिथंच आहे.