अकोम्फ्रा, सर जॉन

(४ मे १९५७ – ). घानात जन्मलेले ब्रिटिश चित्रपट दिग्दर्शक व दृश्यकलावंत. जन्म आक्रा येथे. आईवडील दोघेही वसाहतवादविरोधी चळवळीतले. १९६६ मध्ये लष्करी उठावात घानाचे राष्ट्राध्यक्ष क्वामे एन्क्रूमा यांची सत्ता गेल्यानंतर लहानगा जॉन आईबरोबर ब्रिटनला आला. १९८२ मध्ये त्यांनी पोर्ट्समथ पॉलिटेक्निकमधून समाजशास्त्राची पदवी घेतली आणि त्याच वर्षी लीना गोपाल, ट्रेव्हर मॅथिसन आदी मित्रांसह ‘ब्लॅक ऑडिओ फिल्म कलेक्टिव्ह’ हा गट स्थापन केला.

‘हँड्सवर्थ साँग्ज’ (१९८६) हा माहितीपट त्यांच्या कार्याचा पाया होय. १९८५ मध्ये बर्मिंगहॅमच्या हँड्सवर्थ भागात आणि लंडनमध्ये दंगली उसळल्या. आग कोणी लावली, याचा शोध हा चित्रपट घेत नाही. सुरुवातीलाच वस्तुसंग्रहालयातील एक कृष्णवर्णीय पहारेकरी जुन्या यंत्राकडे पाहत उभा दिसतो. पुढे कॅरिबियन बेटांवरून आलेल्या माणसांचे जुने वृत्तपट आणि जळणाऱ्या रस्त्यांची दृश्ये शेजारीशेजारी येतात. ‘जेरुसलेम’ हे ब्रिटिशांचे लाडके स्तोत्र मोडूनतोडून कानांवर आदळते. मुंबईत जन्मलेले कादंबरीकार सलमान रश्दी यांनी १९८७ मध्ये ‘द गार्डियन’मधून या चित्रपटावर टीका केली : वस्तीतल्या माणसांचा स्वतःचा आवाज यात ऐकूच येत नाही. जमैकात जन्मलेले विचारवंत स्टुअर्ट हॉल यांनी त्यांना उत्तर देताना, हा नव्या भाषेचा शोध आहे, असे बजावले. पुढच्या चार दशकांनी कौल हॉल यांच्या बाजूने दिला आहे. स्थलांतरितांचे जुने चित्रण बहुतेक परक्या कॅमेऱ्यांनी केलेले. तेच उलटसुलट जोडून हरवलेली स्मृती उभी करणे, ही अकोम्फ्रांची खरी देणगी.

‘टेस्टामेंट’ (१९८८) मध्ये परागंदा झालेली एक घानाची पत्रकार मायदेशी परतते. ‘द लास्ट एंजल ऑफ हिस्टरी’ (१९९६) आफ्रिकी वंशाच्या लोकांच्या संगीताचा आणि विज्ञानकथेचा धागा जोडतो. १९९८ मध्ये गट विसर्जित झाल्यावर गोपाल व डेव्हिड लॉसन यांच्यासह त्यांनी ‘स्मोकिंग डॉग्ज फिल्म्स’ ही संस्था काढली. ‘द स्टुअर्ट हॉल प्रोजेक्ट’ (२०१३) मध्ये हॉल यांचे जीवन जॅझ संगीतकार माइल्स डेव्हिसच्या संगीतावर उलगडते.

नंतरच्या कलाकृती कलादालनांसाठी आहेत. तीन पडद्यांवरील ‘व्हर्टिगो सी’ (२०१५) मध्ये देवमाशांची शिकार, गुलामांची जहाजे आणि आजचे निर्वासित एकाच समुद्रात भेटतात. एका पडद्यावर निसर्गाचे वैभव आणि लगतच्या पडद्यावर कत्तल असते. नजर कुठे ठेवावी, हेच प्रेक्षकाला कळेनासे होते. सहा पडद्यांवरील ‘पर्पल’ (२०१७) हवामानबदलाविषयी आहे.

त्यांना आर्टेस मुंडी पुरस्कार (२०१७) आणि ‘सर’ हा किताब (२०२३) मिळाला. २०२४ च्या व्हेनिस द्वैवार्षिकीत ब्रिटनच्या दालनात त्यांचीच कलाकृती होती. अकोम्फ्रा नव्याने पाहणाऱ्याने मात्र ‘हँड्सवर्थ साँग्ज’पासूनच सुरुवात करावी.