‘कायम’ या शब्दाचे न्यायालयीन चरित्र : कर्नाटकातील रोजंदारी कर्मचाऱ्यांचे दावे

अरबीतून आलेला ‘कायम’ हा शब्द मराठी आणि कन्नड या दोन्ही भाषांच्या दफ्तरांत रुजला. ‘रोजंदारी’ला कन्नडमध्ये ‘दिनगूली’ म्हणतात. दिनगूलीपासून कायम होण्यापर्यंतचे अंतर किती, आणि ते कोणी मोजायचे, या प्रश्नावर बेंगळूरुच्या सरकारने आपल्याच कर्मचाऱ्यांशी चार दशकांहून अधिक काळ वाद घातला. भारताच्या सेवाविषयक न्यायशास्त्राची परिभाषा बऱ्याच अंशी या वादांतून घडली आहे.

१९५६ पर्यंत मुंबई राज्यात असलेल्या धारवाड जिल्ह्यातून यातला पहिला मोठा दावा आला. फिर्यादी संघटनेचे नावच बोलके होते : सार्वजनिक बांधकाम खात्यातील ‘साक्षर’ रोजंदारी कर्मचाऱ्यांचा संघ. खडी फोडणाऱ्याची हजेरी आणि लेखणी चालवणाऱ्याची हजेरी एकाच रोजंदारीच्या सदरात मोडत असल्याने, आपली ओळख सांगण्यासाठी त्यांना हे विशेषण जोडावे लागले असावे. १९९० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने यावर एक योजनाच घालून दिली. १ जुलै १९८४ पूर्वी नेमलेल्यांना मासिक वेतनावर घ्यावे, आणि दहा वर्षे भरलेल्यांपैकी १८,६०० जणांना तत्काळ नियमित करावे, असे तिचे स्वरूप होते. सेवेचा काळ हाच येथे हक्काचा आधार मानला गेला.

वाणिज्य कर खात्यात १९८५-८६ मध्ये रोजंदारीवर लागलेले कर्मचारी या तारखेच्या पलीकडे राहिले. दहा वर्षांहून अधिक काम केल्यावर १९९७ मध्ये ते प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे गेले आणि हरले. उच्च न्यायालयात जिंकले. राज्य सरकारच्या अपिलावर १० एप्रिल २००६ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने दिलेला निकाल ‘उमादेवी खटला’ म्हणून ओळखला जातो. न्यायमूर्ती बालसुब्रमण्यन यांनी लिहिलेल्या या निकालाने धारवाडचा तर्क उलटवला. मागच्या दाराने आलेल्यास कायम करणे म्हणजे अर्ज करण्याची संधीच न मिळालेल्या असंख्य बेरोजगारांची अनुच्छेद १४ आणि १६ खालील समानता नाकारणे होय, अशी त्याची भूमिका होती. ही भूमिका सहज बाजूला सारता येण्याजोगी नाही. मात्र दार कोणी उघडे ठेवले, या प्रश्नाचा भार तिने कर्मचाऱ्यावर टाकला.

निकालात एक अपवाद होता, आणि तो दोन विशेषणांवर उभा होता. नेमणूक ‘अवैध’ नसून केवळ ‘अनियमित’ असेल, पद मंजूर असेल, उमेदवार पात्र असेल आणि न्यायालयीन आदेशाच्या आडोशाविना दहा वर्षे भरली असतील, तर एकवारच नियमितीकरण करता येईल. या दोन विशेषणांमधील भेदासाठी न्यायालयाने ज्या तीन जुन्या निकालांचा आधार घेतला, ते नारायणप्पा, नंजुंडप्पा आणि नागराजन हे तिन्ही खटले म्हैसूर-कर्नाटकातलेच. वाणिज्य कर खात्यातील कर्मचाऱ्यांच्या हाती उच्च न्यायालयाच्या निकालाच्या तारखेपासून संवर्गातील किमान वेतन आले. पुढील भरतीत वयाची अट शिथिल करून अनुभवाला काही महत्त्व देण्याचीही सूचना होती.

पुढे खात्यांनी अपवाद विसरून नियम तेवढा लक्षात ठेवला. २०१० मध्ये केसरी खटल्यात (प्रतिवाद पुन्हा कर्नाटक शासनाशीच) न्यायालयाला स्पष्ट करावे लागले की एकवारच्या प्रक्रियेत ज्यांचा विचारच झाला नाही, त्यांचा हक्क मुदत संपल्याने बुडत नाही. कर्नाटकाच्या विधिमंडळाने २०१२ च्या रोजंदारी कर्मचारी कल्याण कायद्याने तिसरीच वाट काढली : अधिसूचित कर्मचाऱ्याने निवृत्तीच्या वयापर्यंत काम करावे, पण रोजंदारीवरच. नोकरी आयुष्यभराची आणि नाव दिवसाचे, अशी ही स्थिती कोणत्याही जुन्या दफ्तरी शब्दात बसत नाही.

डिसेंबर २०२४ मध्ये केंद्रीय जल आयोगातील सफाई व बागकाम करणाऱ्यांच्या जग्गो खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने उमादेवी निकालाचा ढालीसारखा वापर करणाऱ्या सरकारी यंत्रणांना फटकारले आणि त्या कर्मचाऱ्यांना नियमित करण्याचा आदेश दिला. धारवाडमध्ये मानलेला सेवेच्या काळाचा युक्तिवाद अशा रीतीने चौतीस वर्षांनी, वेगळ्या शब्दांत, पुन्हा न्यायालयाच्या पटलावर आला.