चार दिग्दर्शकांचा ‘घाशीराम’

‘घाशीराम कोतवाल’ म्हटलं की आपल्याला नाटकच आठवतं. १६ डिसेंबर १९७२, पुण्याचं भरत नाट्य मंदिर, १९ प्रयोगांनंतर बंद पडणं, मग थिएटर अकॅडमी... शंभरदा ऐकलंय. पण त्यावर १९७६ साली मराठी सिनेमाही झाला, हे चौघांना विचारून बघा. तिघे मान हलवतील.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून निघालेल्या तरुणांनी ‘युक्त’ नावाची सहकारी संस्था काढली. आपल्याकडे सहकार म्हणजे साखर कारखाना, दूध संघ, नाहीतर पतपेढी. इथे सिनेमा! दिग्दर्शक चार: मणि कौल, के. हरिहरन, कमल स्वरूप, सईद मिर्झा. कॅमेऱ्यावरही चौघे. कौल तोवर ‘उसकी रोटी’मुळे नावाजलेले होते, तरी श्रेय सगळ्यांचं मिळून. पटकथा खुद्द तेंडुलकरांची, संगीत नाटकासारखंच भास्कर चंदावरकरांचं. नाना मोहन आगाशेच, घाशीराम मात्र ओम पुरी.

खरी अडचण आवाजाची असणार. नाटकात ब्राह्मणांची रांग हाच पडदा, तीच भिंत आणि गाणारेही तेच. कीर्तन, लावणी रंगात येते, आपली मान डोलते आणि समोर काय चाललंय हे कळल्यावर चरकायला होतं. सिनेमात कॅमेरा जवळ नेला की रांग फुटते. गाणं ऐकू येतं, गाणारे दिसत नाहीत. माझ्या मते म्हणूनच या मंडळींनी लांबलचक शॉट घेतले. सूर आणि माणसांची हालचाल एका दमात. काही ठिकाणी संथ वाटतो, खोटं कशाला बोलू! पण कापाकापी केली असती तर त्या गर्दीचा धाकच गेला असता.

आणि साल बघा. देशात आणीबाणी. अशा वेळी ही पोरं सिनेमा कशावर करतात, तर एका माणसाला कोतवाल करून, वापरून, शेवटी जमावाच्या हवाली करणाऱ्या सत्ताधाऱ्यावर.

नाटकावरून आपण किती भांडलो! सिनेमा मात्र सांभाळायचं सुचलं नाही. बर्लिनच्या आर्सेनल संस्थेने जपलेल्या प्रतीवरून तो डिजिटल रूपात परत आला. पुण्याची गोष्ट, मराठी भाषा, आणि प्रत जर्मनीत.

रीतसर परवानगी काढून आपल्या गावात एका संध्याकाळी दाखवायचा म्हटलं, तर कोण कोण येईल? सतरंजीची सोय माझ्याकडे.